देव न सोडता घरातला धर्म मोकळा कसा करायचा

दरवर्षी श्रावणात आमच्या खानदेशातल्या कानबाईच्या सणाला गावी गेलं की रात्री जागरणाला ओट्यावर सगळी पोरंपोरी जमतात, कोणी पुण्याहून आलेलं कोणी सुरतहून, आणि चहा फिरेपर्यंत हा विषय निघतोच की काकू हे सगळं पाळायचं का सोडून द्यायचं. एकाला वाटतं देवधर्म म्हणजे नुसता मागासपणा, दुसऱ्याला वाटतं वाडवडिलांनी घालून दिलंय त्याला हात लावायचा नाही. मला दोन्ही पटत नाही. माझं माहेर भडगावकडचं, सासर अमळनेर तालुक्यातलं, आणि गेली बारा-तेरा वर्षं दोन्हीकडे मी हळूहळू जे करून पाहिलंय ते इथे सविस्तर लिहितेय, म्हणजे ज्यांना देव पण हवाय आणि घरातल्या कुठल्याच माणसाचा अपमान पण नकोय त्यांना काहीतरी हाताशी राहील.

आधी हे नक्की काय आहे ते समजून घेऊ. ह्याला उदार धर्म म्हणतात आणि तो आपल्याकडे नवा नाहीये. मुंबईत प्रार्थना समाज १८६७ साली निघाला. पुण्यात जोतिराव फुल्यांनी २४ सप्टेंबर १८७३ ला सत्यशोधक समाज काढला आणि त्याच वर्षी डिसेंबरात भटजीशिवाय लग्न लावून दाखवलं. विठ्ठल रामजी शिंदे तर ऑक्सफर्डच्या मँचेस्टर कॉलेजात दोन वर्षं धर्म शिकायला गेले आणि १९०३ मध्ये अ‍ॅमस्टरडॅमला वेगवेगळ्या देशांतल्या उदारधर्मी लोकांची परिषद भरली तिथे त्यांनी हिंदुस्थानातल्या उदार धर्मावर निबंध वाचला, आणि परत आल्यावर नुसती भाषणं देत बसले नाहीत, १९०६ मध्ये त्या काळी अस्पृश्य मानलेल्या समाजाच्या मुलांसाठी शाळा-वसतिगृहं काढायला संस्था उभी केली. ह्या सगळ्यांचा देवावर विश्वास होता हे नीट लक्षात ठेवा, फुल्यांचा पण, ते त्याला निर्मिक म्हणायचे. त्यांचं म्हणणं एवढंच होतं की देव आणि माणूस यांच्यात दलाल नको, जन्मावरून कोणी वर-खाली नको, आणि एखादी गोष्ट मनाला आणि बुद्धीला पटत नसेल तर ती फक्त जुनी आहे म्हणून पाळायची नाही.

आता प्रत्यक्ष काय करायचं ते सांगते.

पहिलं काम, एक वही घ्या. पोरांची जुनी अर्धी भरलेली वही असली तरी चालेल. आणि एक पूर्ण वर्ष काहीही न बदलता, कोणाशी वाद न घालता फक्त लिहा. आखाजी (म्हणजे अक्षय तृतीया), कानबाई, पोळा, पित्तर, नवरात्र, कोणाचं लग्न, हळद, कोणाचं गंधमुक्त (मरणानंतरचा विधी), जे जे घरात होईल त्या प्रत्येकाला चार गोष्टी लिहायच्या: राबलं कोण, पूजेला हात कोणाचा लागला, पहिलं ताट कोणाचं लागलं, आणि लांब उभं कोण राहिलं. बस एवढंच. मी पहिल्या वर्षी लिहिलं तेव्हा मला वाटलं होतं की भलतंच काहीतरी निघेल, मानपान वगैरे, पण शेवटच्या रकान्यात तीच तीच नावं येत होती. माझी विधवा आई. पाळी आलेली कोणतीही पोर. सालदाराची, म्हणजे शेतावरच्या वर्षभराच्या गड्याची बायको, जी आमच्याकडे सकाळी सहापासून भांडी घासायला असायची आणि जेवायला मात्र मागच्या दाराला. आणि माझ्या दोन मुली. आपण रोज बघत असतो तरी दिसत नाही, कागदावर आलं की दिसतं.

वर्ष झालं की त्या वहीतल्या गोष्टी वेगवेगळ्या करायला बसा. काही गोष्टी निव्वळ आनंदाच्या असतात, त्यांना अजिबात हात लावू नका. आखाजीला लेकी माहेरी येतात, निंबाला झोका बांधतात, गौराईची गाणी म्हणतात, पितरांची घागर भरतात, पुरणपोळी आणि आमरस होतो, ह्यात कोणाचं काय वाईट झालं? उलट हे जपलं नाही तर धर्म म्हणजे नुसते नियम उरतील. काही गोष्टी ओझ्याच्या असतात, म्हणजे कर्ज काढून गावजेवण, पाच हजाराच्या जागी पन्नास हजाराचा बँड, ते बोलून कमी करता येतं, घाई नाही. आणि काही गोष्टी माणसाला खाली बघायला लावतात. बदलायच्या त्या ह्याच, आणि त्या ओळखायच्या कशा, तर जो लांब उभा आहे त्यालाच विचारायचं. महाराजांना नाही, घरातल्या कर्त्याला नाही. मी आईला विचारलं होतं की मामाच्या पोरीच्या हळदीत तू मांडवाच्या खांबाशी का उभी राहिलीस, तर ती म्हणाली, सवय झाली बाई. मला तेवढं उत्तर पुरलं.

इथे थोडं कानबाईबद्दल सांगते कारण बाहेरच्या वाचकाला माहीत नसेल आणि आपल्यातल्या नव्या पोरांना पण नीट माहीत नसतं. नागपंचमीनंतरच्या रविवारी कानबाई बसते. नारळाला डोळे, नथ, दागिने घालून देवीचं रूप देतात, रात्रभर जागरण, गाणी, आणि सोमवारी वाजतगाजत नदीवर विसर्जन. तिचा नैवेद्य म्हणजे रोट. आणि रोटाचे गहू मोजून घेतात, आमच्याकडे घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ, अगदी पाळण्यात महिन्याचं पोर असलं तरी त्याची सव्वा मूठ. सगळी भाऊबंदकी त्यासाठी एक होते, ज्यांचं वर्षभर बोलणं नाही ते पण त्या दिवशी एका पंगतीला बसतात, म्हणून मला हा सण फार आवडतो आणि म्हणूनच मला तो बदलायचा होता.

माझी मोठी मुलगी तेव्हा नऊ वर्षांची. गहू मोजताना सूप धरायला तिला बसवलं होतं. जेठ, म्हणजे नवऱ्याचे मोठे भाऊ, नावं घेत होते, आजोबांपासून सुरू करून, आणि प्रत्येक नावाला मूठ पडत होती आणि ती मोजत होती, शाळेत नुकतंच बेरीज-गुणाकार पक्के झाले होते तिचे. सगळ्यात शेवटी तिच्या पाच महिन्यांच्या चुलतभावाचं नाव आलं आणि जेठांनी हात झटकले. ती म्हणाली, मोठे पप्पा माझं राहिलं. कोणी काही बोललं नाही. सूप तिच्याच हातात होतं.

त्या दिवशी मी पण काही बोलले नाही, आणि ते बरोबरच केलं असं मला आजही वाटतं, कारण सणाच्या दिवशी उभं केलेलं भांडण कोणीच जिंकत नाही, फक्त सण नासतो आणि पुढची दहा वर्षं लोक म्हणतात हिच्यामुळे झालं. मी पुढच्या वर्षी आषाढात बोलले. हा माझा सगळ्यात महत्त्वाचा सल्ला आहे, बोलायचं तर कमीत कमी महिनाभर आधी, आणि सगळ्यांसमोर नाही, एकेकट्याशी. सगळ्यात आधी सासूबाईंशी, कारण रीत पुरुषांच्या नावाने चालते पण सांभाळतात बायाच. दुपारी भुईमुगाच्या शेंगा फोडत बसलो होतो दोघी. मी म्हटलं आई, रोटात पोरींची मूठ का नाही घेत? त्या लगेच म्हणाल्या, पोर तं परायं धन शे. मी म्हटलं बरं, ती उद्या सासरी जाणार म्हणून इथे मोजत नाही, मग मी तर सासरी आलेली आहे, मग माझी मूठ इथे का नाही? माहेरी मोजली नाही कारण मी जाणार होते, सासरी मोजत नाही कारण मी आलेली आहे, मग माझी मूठ आहे कुठल्या घरात?

त्या बऱ्याच वेळ शेंगाच फोडत राहिल्या. त्यांच्या लग्नाला तेव्हा सेहेचाळीस वर्षं झाली होती आणि तेवढे सगळे रोट त्यांनीच भाजले होते.

मग जेठांशी नवऱ्याने बोलायचं असं ठरलं, कारण भाऊ भावाशी बोलला तर त्यात सून कशी बोलते हा मुद्दाच येत नाही, ही पण युक्ती लक्षात ठेवा, कोणाचं कोण ऐकतं ते बघून बोलणारा ठरवा. जेठ म्हणाले कानबाई कोपली तर? ह्या प्रश्नाला हसायचं नाही. ती भीती खरी असते, त्यांच्या एका भावाला लहानपणी गमावलंय त्यांनी. नवऱ्याने सांगितलं की कानबाई स्वतः बाई आहे, आपण तिला नथ घालतो, तिच्या लेकींची मूठ घातली म्हणून ती कशी कोपेल. आणि वर एक सोय सांगितली की आधीच्या पद्धतीत एक दाणा कमी करायचा नाही, जे होतं ते सगळं तसंच, फक्त वाढवायचं. जुन्या रीतीत भर घालायला माणसं लवकर तयार होतात. काढून टाका म्हटलं की अडतात.

त्या रविवारी नावं संपली आणि जेठांनी माझ्या दोन्ही मुलींची नावं घेतली, त्यांच्या स्वतःच्या मुलीचं घेतलं, मग थांबले. सासूबाई चुलीपाशी होत्या, तिथूनच म्हणाल्या, मनी बी मूठ टाक, म्हणजे माझी पण. आम्हाला कोणालाच ते अपेक्षित नव्हतं. जेठांनी त्यांची टाकली, मग आम्हा तिन्ही सुनांची. गहू सुपात मावेनात म्हणून दुसरं सूप आणावं लागलं.

कोणी म्हणेल एवढ्याशा गव्हाने काय होतं. होतं असं की माझी मोठी मुलगी आता जळगावला कॉलेजात आहे, तिथे तिला मतदानाचा हक्क आहे, बँकेत तिच्या नावाचं खातं आहे, वडिलोपार्जित जमिनीत तिचा भावाएवढा वाटा आहे, २००५ च्या दुरुस्तीने तो मिळालाय. बाहेर पूर्ण माणूस आणि घरच्या देवापुढे शून्य, असं दोन ठिकाणी दोन किंमती घेऊन जगलं की पोरं एक दिवस देवाला नाहीतर घराला सोडतात. उदार धर्माचं आजच्या समाजातलं काम मला विचाराल तर हेच आहे, की संविधानाने जो माणूस मोजला तो देव्हाऱ्यासमोर पण मोजला गेला पाहिजे. कायदा सगळं करू शकत नाही, माझ्या घरच्या रोटात मूठ टाकायला कोणतं कोर्ट येणार आहे? ते आपणच करायचं.

आता मरणाचं. ह्यात सगळ्यात जास्त चुका होतात कारण त्या वेळी कोणाचं डोकं ठिकाणावर नसतं आणि भाऊबंद जे सांगतील ते होत जातं. वडील गेले तेव्हा आम्ही तयारीत होतो, कारण त्यांनी स्वतःच आजारपणात सांगितलं होतं की तुझ्या आईच्या बांगड्या फोडू देऊ नका. म्हणून आधी हे करा, घरातल्या मोठ्या माणसांकडून जिवंतपणी आणि शांतपणे त्यांची इच्छा कागदावर घ्या, सही घ्या, दोन नातेवाइकांना दाखवून ठेवा. नेत्रदान करायचं असेल तर ते पण त्यातच लिहा, कारण मृत्यूनंतर साधारण सहा तासांच्या आत डोळे काढावे लागतात आणि तेव्हा विचार करायला वेळ नसतो. वडिलांचाच शब्द आहे म्हटल्यावर भाऊकीतले मोठे लोक गप्प बसतात, लेकीचा शब्द असेल तर दहा जण शहाणपण शिकवतात.

दुसरं, दहाव्याच्या आदल्या दिवशीच जाऊन तिघांना भेटायचं: भाऊकीतले सगळ्यात वडील, विधी सांगणारे महाराज, आणि ती नात्यातली म्हातारी जी नेहमी पुढे होऊन हे सगळं करते. त्या म्हातारीला विसरू नका. ती बहुतेक वेळा स्वतः विधवा असते, तिच्याशी पण असंच कोणीतरी केलेलं असतं आणि आपण तिला वाईट ठरवलं तर तिला आपलं अख्खं आयुष्यच कोणीतरी चुकीचं म्हणतंय असं वाटतं. मी तिचा हात धरून एवढंच म्हटलं की मावशी, तुझ्याशी जे झालं ते माझ्या आईशी नको. ती रडली. दुसऱ्या दिवशी ती आली पण पुढे झाली नाही. आणि तिसरं, प्रत्यक्ष त्या वेळी आईच्या दोन्ही बाजूला दोन लेकी बसा आणि तिचे हात आपल्या हातात धरून ठेवा. भाषण नको, भांडण नको. हात धरलेला असला की कोणी ओढून बांगडी फोडत नाही.

पूर्ण गावाचं करायचं असेल तर त्याचा पण रस्ता आहे. कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने मे २०२२ मध्ये विधवा प्रथा बंद करायचा ठराव केला आणि त्याच महिन्यात सरकारने परिपत्रक काढून बाकी ग्रामपंचायतींना पण तसं करायला सांगितलं. ग्रामसभेच्या आधी महिला ग्रामसभा होते, तिथेच आधी विषय मांडा, लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. ठरावाने बांगड्या वाचतीलच असं नाही, पण ज्या घराला करायची इच्छा आहे आणि हिंमत होत नाहीये त्याला टेकायला भिंत मिळते. आणि एक अगदी छोटं, ज्याला ठराव लागत नाही: हळदीकुंकवाच्या मेसेजमधून सुवासिनींनी हा शब्द काढा आणि सर्व महिलांनी असा लिहा. मग जिने अजून कधी यायचं धाडस केलं नाही तिला स्वतः घरी जाऊन घेऊन या, नुसत्या मेसेजने ती येणार नाही.

लोक काय म्हणतील, आपल्या अहिराणीत लोके काय म्हनतीन, ह्याचं टेन्शन सगळ्यांनाच असतं. त्यावर माझा उपाय असा की बोलताना परकी उदाहरणं देऊ नका, आपल्याच मातीतली द्या, भरपूर आहेत. तापी-पूर्णेच्या संगमावर चांगदेव आहे, बाजूला मुक्ताईनगर. एवढा मोठा योगी चांगदेव, आणि त्याने गुरू केलं कोणाला तर कोवळ्या वयाच्या मुक्ताबाईला. आणि तिची पालखी आजही तिथून महिनाभराहून जास्त चालून पंढरपूरला जाते, हजारो पुरुष एका मुलीच्या पादुकांमागे चालतात. जळगावात कार्तिकी एकादशीला रामाचा रथ निघतो, अप्पा महाराजांनी १८७२ मध्ये सुरू केलेला, तो भिलपुऱ्यात लालशाह बाबांच्या दर्ग्यापाशी थांबतो आणि तिथे फुलांची चादर चढते. हे काही कोणा सुधारकाने नंतर घातलेलं नाही, ही आपली रीत आहे. धुळ्याच्या जेलमध्ये १९३२ साली २१ फेब्रुवारीपासून १९ जूनपर्यंत दर रविवारी विनोबा कैद्यांपुढे गीतेवर बोलले, साध्या मराठीत, अठरा रविवार अठरा अध्याय, आणि ते उतरवून कोणी घेतलं तर अमळनेरच्या शाळेत मास्तर राहिलेल्या साने गुरुजींनी. तिथे ना सोवळं होतं ना दक्षिणा.

साने गुरुजींकडून तर पद्धत शिकण्यासारखी आहे. पंढरपूरचं मंदिर हरिजनांना खुलं व्हावं म्हणून त्यांनी १ मे १९४७ ला उपोषण सुरू केलं ते १० मे ला सुटलं, हे सगळ्यांना माहीत असतं, पण त्याआधी ते महिनोन्‌महिने महाराष्ट्रभर फिरत होते, गावोगाव लोकांशी बोलत होते, विहिरी आणि देवळं उघडा म्हणून सांगत होते. आधी बोलणं, खूप बोलणं, आणि मग स्वतः त्रास सोसणं. आपण उलटं करतो, आधी ग्रुपवर मेसेज टाकतो आणि मग लोक भडकले की तक्रार करतो.

देवळाच्या कमिटीत बदल करायचा असेल तर मागणी घेऊन जाऊ नका, काम घेऊन जा. सप्त्याचा हिशोब लिहायला माणूस लागतो, महाप्रसादाची भाजी चिरायला लागतात, भांडी मोजून परत करायला कोणी तयार नसतं. दोन वर्षं हे करा. मग पंगत बसताना तुम्हीच वाढायला असाल आणि कोण कुठे बसतं हे तुमच्या हातात येईल. आमच्याकडे भिल्ल वस्तीतली मंडळी कायम शेवटच्या पंगतीला बसायची, कोणी सांगितलेलं नव्हतं तरी. आम्ही एवढंच केलं की जेवायची सूचना माईकवरून देताना जो आला तो बसला असं म्हटलं आणि वाढणाऱ्यांपैकी दोघं त्यांच्याच वस्तीतले घेतले. पहिल्या वर्षी दोन-चार घरं न जेवता गेली. तिसऱ्या वर्षी ती पण बसली.

कायदा शेवटी वापरायचा, पण माहीत आधीपासून पाहिजे. १९५६ चा हिंदू सार्वजनिक पूजास्थान प्रवेशाचा कायदा आहे, त्याच्याच आधारावर मुंबई उच्च न्यायालयाने १ एप्रिल २०१६ ला बायांना मंदिरात जाण्यापासून अडवता येणार नाही हे पाहायची जबाबदारी सरकारवर टाकली, आणि आठवड्याभरातच पाडव्याला शनी शिंगणापूरचा चौथरा बायांना खुला झाला. जातपंचायत कोणाला वाळीत टाकत असेल तर २०१६ चा सामाजिक बहिष्कार विरोधी कायदा आहे, तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. दोन धर्मांतलं लग्न असेल आणि कोणालाच धर्म बदलायचा नसेल तर १९५४ चा विशेष विवाह कायदा, विवाह अधिकाऱ्याकडे नोटीस, तीस दिवस थांबायचं, तीन साक्षीदार. फक्त ती नोटीस लावली जाते, सगळे वाचू शकतात, म्हणून दोन्ही घरच्या एखाद्या तरी मोठ्या माणसाला आधीच विश्वासात घ्या, पोरांना एकटं पाडू नका.

आता एक कडक गोष्ट. उदार म्हणजे सगळ्यालाच हो असं नाही. कोणी उपास धरतं, नवस बोलतं, पायी वणीला जातं, त्यांना टोकू नका, त्याने त्यांना बळ मिळतं. पण शेतात साप चावल्यावर भगताकडे नेणं, पोराचा ताप अंगाऱ्याने उतरेल म्हणून दवाखान्यात न नेणं, सातपुड्याकडच्या काही पाड्यांवर एखाद्या बाईला डाकीण ठरवणं, इथे हात जोडून गप्प बसायचं नाही. सापाचं तर घड्याळावर असतं, हात-पाय हलू न देता गाडीत घालायचं आणि थेट ग्रामीण रुग्णालय, देवाला हात जोडायचे ते गाडीत जोडायचे. डाकीण, भानामती, करणी असल्या प्रकारांना २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदा आहे, डॉ. दाभोलकरांचा खून झाला त्याच वर्षी तो आला. आणि हा विचार वरून लादलेला आहे असं कोणी म्हटलं तर तळोद्याकडचे आप गुलाम महाराज सांगा. १९३० च्या दशकात त्यांनी हजारो भिल्ल कुटुंबांची दारू सोडवली, आरतीला एकत्र बसवलं, आणि भेटल्यावर एकमेकांना आप म्हणायला शिकवलं. ज्यांना सावकार आणि अधिकारी अरे-तुरे करायचे त्यांनी एकमेकांना आप म्हणायचं, ह्याच्याहून मोठी पूजा मला तरी सुचत नाही.

हे सगळं फक्त हिंदू घरांसाठी लिहिलंय असं समजू नका, माझं घर ते असल्याने उदाहरणं तिथली आली. हमीद दलवाईंनी २२ मार्च १९७० ला पुण्यात मुस्लिम सत्यशोधक मंडळ काढलं ते आपल्याच घरात बोलण्यासाठी. यावल-रावेरकडे तडवी मंडळींमध्ये तर आदिवासी चालीरीती आणि इस्लाम कितीतरी पिढ्या एका अंगणात राहतात. पण एक पथ्य पाळा, दुसऱ्याच्या धर्मातली वही आपण लिहायची नाही. दुसऱ्या धर्मातली माझी मैत्रीण तिच्या घरचं काय बदलायचं ते स्वतः ठरवेल, तिने मला विचारलं तर मी सोबत जाईन एवढंच.

शेवटचं काम मुलांसाठी, आणि ते मला मनापासून आवडतं. महिन्यातला एक रविवार धरा, संध्याकाळी पाऊण तास, टीव्ही आणि मोबाईल बंद. प्रार्थना समाजातली मंडळी रविवारी उपासनेला जमायची त्याच धर्तीवर, पण घरगुती. एक अभंग सगळ्यांनी मिळून म्हणायचा, सूर लागला नाही तरी चालेल. पाच मिनिटं डोळे मिटून गप्प बसायचं, लहान मुलांना दोन मिनिटं पुरे. मग एक प्रश्न, तो दर वेळी मुलांनीच आणायचा, आणि मोठ्यांनी माहीत नाही हे उत्तर द्यायला लाजायचं नाही. आमच्याकडे धाकटीने एकदा विचारलं होतं की देवाला सगळं दिसतं तर पाळीच्या दिवसात मी दुसऱ्या खोलीत बसले तरी दिसतच असेल ना? त्या महिन्यापासून आमच्या घरातलं बाजूला बसणं बंद झालं, कोणाला वेगळा निर्णय घ्यावा लागला नाही. आणि उठायच्या आधी एक काम ठरवायचं, अगदी साधं, कोणाला डबा द्यायचाय, कोणाच्या दवाखान्यात जायचंय, कोणाची फी राहिलीय. काम ठरलं नाही तर बैठक झाली असं आम्ही धरत नाही.

सालदाराच्या बायकोचं मात्र माझं बरेच दिवस राहून गेलं होतं. मागच्या कानबाईला तिचं ताट पंगतीत लावलं तर ती बसेना, म्हणे मला मागेच बरं वाटतं. सासूबाई आता थकल्यात, खाली बसता येत नाही, त्यांनी खुर्ची मागच्या दारी न्यायला लावली, स्वतःचं ताट तिकडे मागवलं आणि तिच्याजवळ बसून जेवल्या. रोट भाऊबंदकीबाहेर देत नाहीत म्हणून ती म्हणाली मला भाजीपोळीच द्या, ते जेठांना ऐकू गेलं. यंदा त्यांच्याशी त्याबद्दल बोलायचंय. आषाढ लागला की लगेच, कारण एकदा दळण गिरणीत गेलं की मग मूठ वाढवता येत नाही.